जिंकलेला खटला पुन्हा जिंकताना

प्रति,
मा. संपादक यांस सप्रेम नमस्कार.

विषय : न्यायालयाचे आदेश आणि सरकारी आवक-नोंदवही

महोदय,

‘न्यायालयाने अधिकाऱ्यांना खडसावले’ ही बातमी आपल्या अंकात महिन्यातून दोनदा तरी येते. मी ती कात्रीने कापून वहीत चिकटवते. तेहतीस वर्षे मुंबईच्या एका अनुदानित शाळेत लिपिक म्हणून काढली, त्यामुळे कागद जपायची खोड गेलेली नाही. वहीत आता बरीच कात्रणे जमली आहेत आणि मला हवे ते वाक्य एकातही सापडत नाही. खडसावल्यानंतर त्या माणसाचे काम झाले का? झाले असेल तर कोणत्या तारखेला? ते वाक्य माझ्यापुरते मीच लिहून पाठवते आहे. पत्र लांबले आहे, कापायचे तर कापा, पण तारखा कापू नका.

मी ३१ मे २०१९ रोजी निवृत्त झाले. ग्रॅच्युइटी नोव्हेंबरमध्ये आली ती २,६१,४८० रुपये वजा होऊन. कारण असे की, १९९८ मध्ये मला बारा वर्षांची कालबद्ध वेतनश्रेणी मिळाली तेव्हा एक वेतनवाढ जास्त धरली गेली होती. कोणी धरली? लिपिकाला स्वतःची वेतननिश्चिती स्वतः मंजूर करता येत नाही. सेवापुस्तकाच्या त्या पानावर ज्या कार्यालयाचा गोल शिक्का आणि सही आहे, त्याच कार्यालयाला एकवीस वर्षांनी ती चूक दिसली, आणि तीही मी हारतुरे घेऊन घरी गेल्यावर. कार्यालयाचे नाव लिहीत नाही. शाळांचे पगार-पेन्शन ज्यांच्या हातून जाते त्यांतले ते एक, इतके पुरे.

कायदा माझ्या बाजूने होता. पंजाब सरकार विरुद्ध रफिक मसीह या खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने १८ डिसेंबर २०१४ रोजी सांगितले की, कर्मचाऱ्याची लबाडी नसताना चुकून जास्त पगार गेला असेल, तर काही प्रकारांत तो परत वसूल करता येत नाही. तृतीय आणि चतुर्थ श्रेणीच्या कर्मचाऱ्यांकडून नाही, निवृत्त झालेल्यांकडून किंवा वर्षभरात निवृत्त होणाऱ्यांकडून नाही, आणि पाच वर्षांपेक्षा जास्त काळ चाललेली चूक असेल तरीही नाही. निकालात असे पाच प्रकार आहेत, त्यांतल्या वर सांगितलेल्या तिन्हींत मी बसत होते. पुढे २०१६ च्या एका निकालाने ‘जास्त गेले तर परत करीन’ असे हमीपत्र लिहून दिलेल्यांसाठी वेगळी वाट काढली, पण ते प्रकरण एका न्यायिक अधिकाऱ्याचे होते. शिवाय माझ्याकडून १९९८ मध्ये असे काही लिहून घेतलेलेच नव्हते. सेवापुस्तकाची छायांकित प्रत मी निवृत्तीआधीच काढून ठेवली होती. लिपिकाचा हा एवढाच काय तो शहाणपणा.

करोनामुळे याचिका २०२१ मध्ये दाखल झाली आणि २०२३ च्या फेब्रुवारीत निकाल लागला. दोन न्यायमूर्तींपुढे सुनावणी सात-आठ मिनिटे चालली असेल. आदेश साधा होता. कापलेली रक्कम बारा आठवड्यांत परत करा आणि वजा केल्या तारखेपासून आठ टक्के व्याज द्या. मी हायकोर्टातून बाहेर पडून ओव्हल मैदानाच्या कठड्याला टेकून उभी राहिले. राजाबाई टॉवरमध्ये चारचे ठोके पडत होते. वाटले, संपले.

दुसऱ्याच दिवशी वेबसाइटवरची प्रत घेऊन कार्यालयात गेले. आवक लिपिक म्हणाला, ‘प्रमाणित प्रत आणा.’ आदेशातच शेवटी लिहिले होते की या प्रतीवरून सर्वांनी कार्यवाही करावी. ते मी बोट ठेवून दाखवले. त्याने वाचले आणि म्हणाला, ‘ते बरोबर आहे हो बाई, पण आमच्याकडे तशी पद्धत नाही.’ प्रमाणित प्रत मिळायला तीन आठवडे गेले. बारातले तीन.

आता इथे मी जरा थांबते, कारण पुढचे मला आतून माहीत आहे. आदेशाची प्रत टेबलावर आली की तिचा कागद होतो. त्याला आवक क्रमांक पडतो आणि साहेब कोपऱ्यात हिरव्या शाईने ‘नियमानुसार कार्यवाही करावी’ असा शेरा मारतात. हा शेरा मी तेहतीस वर्षे वाचला आहे. त्याचा अर्थ असा की काही करायचे नाही, पण केले नाही असेही कोणाला म्हणता येऊ नये. मग कागद ज्याच्याकडे जातो त्याच्याकडे दोन विषयांचा पदभार असतो, कारण एक जागा रिकामी आहे. तो टिपणी लिहितो की रक्कम चलनाने शासनखाती भरलेली आहे, परत द्यायची तर वरची मंजुरी लागेल, लेखाशीर्षात, म्हणजे त्या खर्चाच्या खात्यात, तरतूद लागेल, आणि थकीत देयक शालार्थ या शाळांच्या पगाराच्या संगणक-प्रणालीत टाकायला तिथेही मान्यता लागेल. यातले काहीच खोटे नाही. ती टिपणी वर जाते. वरचे विचारतात, अपील करायचे किंवा कसे? तो प्रश्न आणखी वर जातो, कायद्याचा अभिप्राय घ्यायला. अभिप्राय येईपर्यंत फाइल ‘विचाराधीन’ असते. बारा आठवडे कोणत्या दिवशी संपतात हे या सगळ्या प्रवासात एकाही टिपणीवर लिहिलेले नसते. मी नंतर माहिती अधिकारात ती फाइल पाहिली. अकरा पानांच्या टिपण्या होत्या आणि मुदतीची तारीख कुठेच नव्हती.

अपिलाचेही एक सांगते. ‘अपील प्रस्तावित आहे’ हे उत्तर मला तीनदा मिळाले. पहिल्यांदा मी घाबरले. माझ्या वकीलबाई हसल्या. म्हणाल्या, ‘मावशी, अपील केलं म्हणून आदेश थांबत नाही. स्थगिती मिळाली तरच थांबतो. दिवाणी प्रक्रिया संहितेत स्पष्ट लिहिलंय.’ इथे तर अपील केलेलेही नव्हते, नुसते मनात होते. त्यांच्या मनातल्या अपिलाने माझ्या हातातला आदेश आठ महिने थांबवून धरला.

त्या आठ महिन्यांत मी पाच पत्रे दिली आणि दोन उत्तरे मिळाली, दोन्ही ‘कार्यवाही सुरू आहे’ अशी. मला ती उत्तरे दिलाशाची वाटली होती. वकीलबाईंनी तारीख दाखवली तेव्हा पोटात गोळा आला. न्यायालय अवमान अधिनियम, १९७१ याच्या कलम २० प्रमाणे अवमान झाल्यापासून, म्हणजे माझ्या बाबतीत आदेशाची मुदत मोडल्यापासून, वर्षाच्या आत न्यायालयात जावे लागते. माझे बारा आठवडे २०२३ च्या मेमध्ये संपले होते. म्हणजे ‘कार्यवाही सुरू आहे’ हे वाचत मी आणखी थोडी बसले असते, तर पुढच्या मेमध्ये तो दरवाजा बंद. कार्यालयाला वर्ष काढायचे असते आणि एक नम्र पत्र तीन-चार महिने सहज काढते. कोणी कट करून हे करते असे मला म्हणायचे नाही. कटासाठीसुद्धा कोणीतरी फाइल उघडावी लागते.

अवमान याचिका एप्रिल २०२४ मध्ये दाखल केली. काळाचौकीच्या आमच्या चाळीत ही बातमी पसरली तेव्हा समोरच्या काकू काळजीने आल्या. ‘अगं, तू जजचा काय अपमान केलास?’ त्यांना समजावता समजावता चहा निवला. त्यांचे तरी काय चुकले? पेपरात अवमान म्हणून मोठे होते ते वेगळेच. वकील प्रशांत भूषण यांनी जून २०२० च्या अखेरीस न्यायव्यवस्थेवर टीका करणारी दोन ट्वीट केली, आणि ३१ ऑगस्टला त्यांना १ रुपया दंड झालाही. तो फौजदारी अवमान, न्यायालयाच्या प्रतिष्ठेचा. माझा दिवाणी. कायद्याच्या भाषेत त्याची व्याख्या अशी की, न्यायालयाच्या आदेशाचे हेतुपुरस्सर उल्लंघन किंवा न्यायालयाला दिलेल्या हमीचा हेतुपुरस्सर भंग. ट्वीटचा निकाल दोन महिन्यांत लागतो आणि आदेश न पाळल्याची दखल घ्यायला वर्ष जाते, तर न्यायालयाची शोभा नक्की कशात जास्त जाते, हे मला काकूंना सांगता आले नाही.

‘हेतुपुरस्सर’ हा शब्द मात्र लक्षात ठेवा. सारी गंमत तिथे आहे. मूळ याचिकेत माझ्यासमोर ‘महाराष्ट्र राज्य व इतर’ होते, म्हणजे एक खुर्ची. अवमान याचिका खुर्चीवर होत नाही, माणसावर होते. नाव लागते. ते नाव शोधायला माझ्या भाच्याने कार्यालयात जाऊन भिंतीवरच्या फलकाचा फोटो काढून आणला, तेव्हा कळले की आदेश झाला त्या वेळचे साहेब दुसऱ्या जिल्ह्यात गेले, त्यांच्या जागी आलेले पाच महिन्यांत पदोन्नतीवर गेले, आणि आत्ताचे तिसरे. पहिले म्हणणार, माझ्या वेळी मुदत संपलीच नव्हती. दुसरे म्हणणार, प्रस्ताव तर मी पाठवला. तिसरे म्हणणार, मी जूनमध्ये रुजू झालो. प्रत्येकाचे खरे. अकरा पानांची फाइल आणि सात सह्या, त्यात हेतू कोणाचा धरायचा?

मग तारखा सुरू झाल्या. जुलैमध्ये सरकारी वकीलबाईंनी सूचना घेण्यासाठी तीन आठवडे मागितले. वयाने माझ्या मुलीएवढ्या, हातात गठ्ठा इतका की हनुवटीने धरावा लागत होता. नंतर बाहेर भेटल्या तेव्हा त्याच म्हणाल्या की कार्यालयाला चार पत्रे लिहिली, कोणी फिरकत नाही. न्यायमूर्तींची बोलणी मात्र त्याच खातात. ऑगस्टमध्ये बोर्डावर, म्हणजे त्या दिवसाच्या प्रकरणांच्या यादीत, आमचा नंबर ८४ होता, ७१ ला बोर्ड डिस्चार्ज झाला, म्हणजे यादी तिथेच थांबवली. सप्टेंबरमध्ये ‘प्रस्ताव सादर केला आहे’. ऑक्टोबरमध्ये विधानसभेची आचारसंहिता लागली, आणि मला खरेच तोंडी सांगण्यात आले की आचारसंहितेमुळे देयक काढता येत नाही. मतदारांना लाच म्हणून कोणी माझी ग्रॅच्युइटी वाटणार होते का, असे मी विचारले. कोणाला हसू आले नाही.

कॉरिडॉरच्या बाकावर भेटलेली माणसे आठवतात. रायगडकडचे एक आजोबा होते, जमीन रस्त्यात गेली त्याचा वाढीव मोबदला अडकलेला. प्रत्येक तारखेला डब्यात दोन भाकऱ्या जास्त आणायचे, कोणीतरी उपाशी असतेच म्हणून. आणि आमच्याच क्षेत्रातल्या एक बाई, त्यांची कथा माझ्याहून वाईट. त्यांना न्यायालयाने पैसे द्या असे म्हटले नव्हते, त्यांच्या अर्जावर आठ आठवड्यांत निर्णय घ्या असे म्हटले होते. वर्षभर निर्णय नाही. अवमानाची नोटीस निघाली आणि चार दिवसांत निर्णय आला, ‘अर्ज अमान्य’. झाले, आदेश पाळला. सर्वोच्च न्यायालयाने १९९६ मध्येच सांगून ठेवले आहे की एकदा कार्यालयाने आदेशानुसार निर्णय काढला की तो चूक की बरोबर हे अवमानाच्या प्रकरणात पाहता येत नाही, त्यासाठी नवी याचिका करा. कायद्याने ते बरोबरच असेल. पण त्या बाईंच्या तोंडावर ते वाचून दाखवायला मी तयार नाही.

डिसेंबरमध्ये न्यायमूर्तींनी सांगितले की पुढच्या तारखेला अधिकाऱ्याने स्वतः हजर राहावे. तारीख जानेवारीतली. तारखेच्या आधी दोन दिवस, संध्याकाळी सव्वासातला मला फोन आला. ‘मावशी, तुम्ही कोर्टात कशाला गेलात? आम्ही करूनच देणार होतो.’ आवाजात खरेच दुखावलेपण होते. मला क्षणभर स्वतःचीच लाज वाटली, इतके. दुसऱ्या दिवशी दुपारी खात्यात २,६१,४८० रुपये जमा झाले. म्हणजे जी मंजुरी, जी तरतूद, जी प्रणाली तेवीस महिने अडून बसली होती, ती सगळी मिळून दीड दिवसाचे काम होते. माझ्या वहीतल्या कात्रणांना हेच वाक्य हवे होते, आणि ते कोणत्याही बातमीत येत नाही, कारण तारखेच्या दिवशी न्यायालयात सांगण्यासारखे काही उरतच नाही.

त्या दिवशी अधिकाऱ्यांनी बिनशर्त माफीचे प्रतिज्ञापत्र दिले. कायद्यात तशी सोय आहे, माफीने न्यायालयाचे समाधान झाले तर शिक्षा होत नाही. व्याजाचे काय, असे विचारल्यावर सरकारतर्फे सांगितले गेले की आठ आठवड्यांत देऊ. विधान नोंदवून याचिका निकाली. आठ आठवडे मार्च २०२५ मध्ये संपले. मार्च एंड होता, ते समजू शकते. आता पाऊस सरत आला आहे.

व्याज किती ते मी काढले आहे. महिन्याला १,७४३ रुपये २० पैसे, बासष्ट महिने, एकूण १,०८,०७८ रुपये. आदेशाच्या मुदतीत परत केले असते तर यातला जवळजवळ तिसरा हिस्सा द्यावा लागला नसता. हे पैसे मला मिळतील तेव्हा ते कोणाच्या खिशातून येणार? लखनौ विकास प्राधिकरणाच्या खटल्यात १९९३ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने म्हटले होते की, नागरिकाला नाडल्याची भरपाई शेवटी करदात्याच्या माथी पडते हे बरे नाही, जबाबदार माणसांकडून ती वसूल करावी. बत्तीस वर्षे झाली. चाळीत मी सगळ्यांना सांगते की माझ्या व्याजात त्यांचाही वाटा आहे, देताय त्याबद्दल आभारी आहे.

आता शिक्षेबद्दल, कारण वाचकांना त्यातच रस असतो. या कायद्यात जास्तीत जास्त शिक्षा सहा महिने साधी कैद, किंवा २,००० रुपये दंड, किंवा दोन्ही. ‘सरकारी काम आणि सहा महिने थांब’ ही म्हण कायदा करणाऱ्यांनी ऐकली होती की काय कोण जाणे. दोन हजारांचा आकडा १९७१ पासून तसाच आहे. तेव्हा त्या पैशांत नऊ-दहा तोळे सोने येई. आज कुडीची फिरकी येत नाही. मोठी माणसे कधी तुरुंगात गेलीच नाहीत असे नाही. उत्तर प्रदेशचे माजी मुख्यमंत्री कल्याणसिंह यांना १९९४ मध्ये एक दिवस कैद आणि २,००० रुपये दंड झाला. कर्नाटकच्या एका सनदी अधिकाऱ्याला १९९५ मध्ये महिन्याची कैद ठोठावली गेली. आणि आपल्याच राज्यात, १० मे २००६ रोजी, सर्वोच्च न्यायालयाने मंत्री स्वरूपसिंह नाईक आणि वनखात्याचे प्रधान सचिव अशोक खोत यांना एकेक महिन्याची साधी कैद सुनावली होती. न्यायालयाने मनाई केलेली असताना आरागिरण्यांना परवानगी दिली म्हणून. त्या आठवड्यात आमच्या शाळेतसुद्धा न्यायालयाच्या नावाचे सगळे कागद शोधून वर काढले गेले होते. सुट्टीत मला बोलावून घेतले होते, म्हणून लक्षात आहे. महिनाभराने ते कागद पुन्हा खाली गेले.

मला कोणाला तुरुंगात पाठवायचे नाही. खरे सांगायचे तर हजर राहण्याचा आदेश झाला तेव्हाही मला फार आनंद झाला नाही. साहेब दिवसभर न्यायालयात बसले की त्यांच्या दालनाबाहेर चाळीस माणसे बसून राहतात, त्यांतली पंधरा माझ्यासारखीच. सर्वोच्च न्यायालयाने ३ जानेवारी २०२४ च्या निकालात अधिकाऱ्यांना ऊठसूट बोलावू नये, बोलवायचेच तर आधी व्हिडिओद्वारे, आणि त्यांच्या कपड्यांवर-शिक्षणावर शेरेबाजी नको, अशी कार्यपद्धती घालून दिली. अधिकारीवर्ग त्यावर खूश आहे. मीही सहमत आहे, एक अट घालून. बोलावू नका, पण मग न बोलावता पैसे यावेत. ‘हजर राहा’ या दोन शब्दांनी दीड दिवसात जे झाले, ते त्याशिवाय कसे होईल हेही कोणीतरी घालून द्यायला हवे होते.

माझे म्हणणे तेवढेच आहे आणि ते मोठे नाही. सरकारविरुद्ध मुदत घालून आदेश होतो तेव्हा त्या मुदतीची तारीख न्यायालयाच्या बोर्डावर आपोआप लागावी. ‘पूर्ततेसाठी’ एवढाच शेरा. त्या दिवशी सरकारने एका पानाचे प्रतिज्ञापत्र द्यावे, दिले किंवा दिले नाही, आणि नाही तर कोणाकडे थांबले आहे, नावासकट. काही खंडपीठे आजही काही प्रकरणांत ‘पूर्तता कळवण्यासाठी ठेवा’ असे लिहितात, मी बाकावर बसून ऐकले आहे. ज्याच्या आदेशात ते वाक्य पडले त्याचे नशीब, ज्याच्या नाही त्याने नवी याचिका करायची, नवा वकील-खर्च करायचा, फलकाचा फोटो काढायचा आणि वर्षाच्या आत पोचायचे. मुदत कार्यालयाला घातलेली असते. मग ती मोजत बसण्याचे काम माझे कसे?

बोर्ड आधीच तुडुंब आहेत, असे म्हणाल. ते मी ८४ नंबरवर बसून पाहिले आहे. पण उच्च न्यायालयांत पडून असलेली अवमानाची प्रकरणे लाखाच्या पुढे गेली आहेत, हे केंद्रानेच संसदेत सांगितले आहे. त्यांतली बरीचशी माझ्यासारखी असणार. पूर्ततेची एक ओळ बोर्डावर दोन मिनिटे घेते. माझ्या अवमान याचिकेने सहा तारखा खाल्ल्या.

आणि कार्यालयात? तिथे तर काहीच खर्च नाही. आवक नोंदवहीत न्यायालयाच्या आदेशासमोर तांबड्या शाईने मुदतीची तारीख आणि हाताळणाऱ्याचे नाव लिहायचे, बदली झाली की पदभाराच्या यादीत ती तारीख पुढच्याला द्यायची. शाळेत आम्ही कपाटाच्या किल्ल्या, डेडस्टॉक आणि नकाशेसुद्धा यादी करून देत होतो. महाराष्ट्राचा एक नकाशा कमी भरला म्हणून माझ्या आधीच्या लिपिकाला पंधरा दिवस मोकळे केले नव्हते. न्यायालयाचा आदेश नकाशापेक्षा हलका नसावा.

माझ्यामागे निदान मी तरी होते. ज्या आदेशांच्या मागे धावायला कोणी एक माणूस नाही, त्यांचे काय होते ते पाहायला कोर्टात जावे लागत नाही. रस्त्यांवरच्या बेकायदा जाहिरात-फलकांवर मुंबई उच्च न्यायालयाचा सविस्तर निकाल जानेवारी २०१७ चा. २०२४ मध्ये न्यायालयाने राजकीय पक्षांनाच विचारले की तुमच्यावर अवमानाची कारवाई का करू नये. माझ्या सगळ्या तारखांना मी ज्या बसने गेले, ती करी रोडपासून भायखळ्यापर्यंत वाढदिवसाच्या शुभेच्छांखालून गेली. एका फलकावर ‘कायद्याचा अभ्यासक’ असा किताब होता.

माझ्या व्याजाचे आता असे आहे. आठ आठवड्यांत देऊ हे विधान न्यायालयासमोर झालेले आहे. ते मोडल्याबद्दल पुन्हा अवमान याचिका करता येते, मुदत पुढच्या मार्चपर्यंत. वकीलबाई म्हणतात करू या, त्या फी घेणार नाहीत. मुलगी म्हणते सोड आता, गुडघ्याचे आधी बघ. फलकाचा फोटो मात्र भाचा मागच्या आठवड्यात नवा काढून आला. साहेब चौथे आहेत.

हे पत्र छापणार असाल तर कृपया नाव आणि शाळेचे नाव छापू नये. व्याजाच्या देयकावर अजून त्याच टेबलाची सही व्हायची आहे.

आपली विश्वासू,
एक निवृत्त शाळा-लिपिक,
काळाचौकी, मुंबई